लढाईच्या आधीची मशीद

चिखलीहून मेहकरकडे जाणारी एस.टी. लव्हाळ्याला थांबली की साखरखेर्ड्याची माणसं उतरतात. हातात पिशव्या, बियाण्याच्या थैल्या, दवाखान्याचे कागद. पुढचा रस्ता गावाकडे वळतो. सिंदखेडराजाच्या बाजूनं यायचं तर मलकापूर पांग्रा, शेंदुर्जन अशी गावं घेत यावं लागतं. साखरखेर्डा तालुक्याचं ठिकाण नाही. पण आसपासच्या खेड्यांना ते लागतं. बाजारासाठी, शाळेसाठी, पोलीस ठाण्यासाठी, पलसिद्ध महाराजांच्या मठासाठी, प्रल्हाद महाराजांच्या राममंदिरासाठी लोक तिथं येतात. चहूकडच्या वाटा जिथं एकत्र येतात तिथं माणसं थांबतात, थांबणाऱ्यांसाठी कुणीतरी छप्पर उभं करतं, आणि त्या छपरांपैकी एखादं चारशे वर्षं टिकून राहतं. साखरखेर्ड्यात ते टिकलेलं छप्पर एका मशिदीचं आहे. ती १५८१ सालची आहे.

या तारखेपाशी मी नेहमी थांबतो. साखरखेर्ड्याचं नाव इतिहासाच्या पुस्तकांत येतं ते १७२४ च्या लढाईमुळे. त्या लढाईच्या दिवशी ही मशीद १४३ वर्षांची होती. म्हणजे गावात जुनं म्हणावं असं काहीतरी लढाईच्या आधीपासूनच होतं. पुस्तकांत मात्र गाव सुरू होतं ते लढाईपासून, आणि लढाई संपली की पुस्तकापुरतं गावही संपतं. ही गोष्ट मला मनापासून खटकते, म्हणूनच हे लिहितो आहे.

मशिदीचा काळ समजून घ्यायचा तर घाट डोळ्यांसमोर आणावा लागतो. बुलढाणा जिल्ह्यात कुणाला गाव विचारलं की पुढचा प्रश्न ठरलेला असतो, घाटावरचं की घाटाखालचं? मलकापूर, खामगाव, शेगाव, जळगाव जामोद घाटाखाली. बुलढाणा, चिखली, मेहकर, लोणार, देऊळगावराजा, सिंदखेडराजा घाटावर. बोलण्याची ढब बदलते, भाकरीचं पीठ बदलतं, सोयरिकीही फार करून आपापल्या अंगाला होतात. साखरखेर्डा घाटावरचं. घाटाच्या पायथ्याशी, मोताळ्याच्या बाजूला, रोहिणखेड आहे, आणि तिथंही तशीच, त्याच वळणाची मशीद आहे. ती १५८२ ची. खुदावंदखान महदवी हा तिचा बांधणारा. वऱ्हाडातली इमादशाही बुडवून मूर्तझा निजामशहानं १५७४ मध्ये हा मुलूख अहमदनगरला जोडला होता, आणि नव्या राजवटीचे सरदार इथं पाय रोवत होते. खुदावंदखान त्यांतलाच. जौनपूरच्या सय्यद मुहंमद यांना मानणाऱ्या महदवी पंथाचा तो अनुयायी होता. त्या पंथाला अहमदनगरच्या दरबारात काही काळ मोठं बळ आलं आणि मग तितक्याच वेगानं ते ओसरलं. त्या पंथाचा पुढारी जमालखान पुढं दहाएक वर्षांत याच रोहिणखेडजवळच्या लढाईत मारला गेला.

एक मशीद घाटावर, दुसरी घाटाच्या पायथ्याशी, दोन्हींत एका वर्षाचं अंतर. खानदेशातून आणि तापी-पूर्णेच्या खोऱ्यातून दख्खनच्या पठारावर चढणाऱ्या वाटेवर रोहिणखेड हा दरवाजा होता. बहमनी काळातही, १४३७ मध्ये, खानदेशच्या नसीरखानाची फौज तिथंच अडवून मोडली गेली होती. तो दरवाजा ओलांडून वर आलेल्या वाटा पठारावर जिथं फुटतात त्या टापूत साखरखेर्डा आहे. मला वाटतं, या दोन मशिदी म्हणजे एका राजवटीनं एका रस्त्यावर उभ्या केलेल्या दोन खुणा आहेत. इथून जाणाऱ्या तांड्यांना, शिपायांना, कारकुनांना पाणी मिळेल, सावली मिळेल, नमाजाला जागा मिळेल, आणि हा मुलूख आता कुणाचा आहे हेही कळेल. साखरखेर्ड्याची इमारत आकारानं लहान आहे. इंग्रजी काळातल्या गॅझेटियरकारांनीसुद्धा तिची दखल घेतली ती तिच्या देखणेपणासाठी.

आता लढाई. तिला टाळून पुढं जाता येणार नाही, कारण या गावच्या शिवारात ऑक्टोबर १७२४ मध्ये जे झालं त्यानं दख्खनची पुढची सव्वादोनशे वर्षं ठरवली. मीर कमरुद्दीन, निजाम-उल-मुल्क, दिल्लीत मुहंमदशहाचा वजीर होता. दरबाराच्या कारस्थानांना विटून १७२३ च्या अखेरीस तो शिकारीचं निमित्त करून दिल्लीबाहेर पडला आणि दक्षिणेकडे वळला. बादशहानं हैदराबादच्या मुबारिजखानाला दख्खनची सुभेदारी देऊ करून त्याच्यावर घातलं. मुबारिजखान औरंगाबादच्या रोखानं निघाला, निजाम औरंगाबादहून त्याच्या अंगावर आला, आणि गाठ पडली ती साखरखेर्ड्याला. मुबारिजखान मारला गेला. त्याचे दोन मुलगेही पडले. निजामानं मुबारिजखानाचं शीर दिल्लीला पाठवलं, एका बंडखोराचा बंदोबस्त केला म्हणून. ज्यानं मुबारिजखानाला लढायला लावलं त्या बादशहानं पुढच्या वर्षी निजामाला आसफजाह हा किताब दिला. हैदराबादची आसफजाही सुरू झाली ती या शिवारातून, आणि संपली १७ सप्टेंबर १९४८ ला.

त्या दिवशी पेशव्यांचं बळ निजामाच्या बाजूला होतं. पहिल्या बाजीरावाला पेशवाईची वस्त्रं मिळून चार वर्षं झाली होती. पुढच्याच साडेतीन वर्षांत, १७२८ च्या फेब्रुवारीत, त्याच बाजीरावानं त्याच निजामाला पालखेडला पाण्यावाचून कोंडलं आणि मार्चमध्ये मुंगी-शेवगावचा तह करायला लावलं. मराठी वाचकाला पालखेड ठाऊक असतं. साखरखेर्डा मात्र फार थोड्यांना आठवतं. पालखेडच्या वाटेवरचं हे आधीचं पाऊल आपल्या शाळेच्या पुस्तकात का नसावं? दोन माणसं एकमेकांचं बळ एका बाजूनं उभं राहून पाहतात आणि मग समोरासमोर येतात, हा धागा मुलांना समजला तर अठराव्या शतकातलं राजकारण त्यांना किती सोपं होईल!

लढाईचा महिना मी मुद्दाम सांगितला. ऑक्टोबर म्हणजे नवरात्र-दिवाळीचे दिवस. घाटावर हा उभ्या पिकांचा काळ असतो. ज्वारी पोटऱ्यात आलेली किंवा निसवलेली, कपाशीला बोंडं, तुरीची हिरवी झाडं, आणि काळ्या मातीत पावसाची ओल. दोन फौजा, त्यांचे हत्ती, घोडे, बैल, तोफांचे गाडे आणि मागून चालणारा बाजारबुणगा अशा शिवारावरून गेल्यावर काय उरलं असेल, हे शेत असलेल्या कुणालाही सांगायला नको. कोणत्या सरदाराच्या हत्तीला कुठं जखम झाली हे फार्सी बखरकारांनी लिहून ठेवलं. त्या वर्षी साखरखेर्ड्यात पेरणाऱ्यानं काय खाल्लं हे लिहायला कुणी बसलं नाही. त्या चार दिवसांत गावातली म्हातारी माणसं, लेकुरवाळ्या बाया कुठं गेल्या असतील? गावात पक्क्या भिंतींची एक जागा तर नक्कीच उभी होती. मी मशिदीकडे पाहतो तेव्हा बांधणाऱ्या सरदाराच्याही आधी मला हा प्रश्न आठवतो.

निजामानं विजयाची आठवण म्हणून गावाला फतेहखेर्डा हे नाव दिलं. सरकारी कागदांत ते चाललं. इंग्रजी गॅझेटियरमध्ये विसाव्या शतकाच्या सुरुवातीलाही गाव त्याच नावानं नोंदलेलं आहे. या काळात मुलखाचे मालक कितीदा बदलले! निजाम आणि नागपूरकर भोसले यांचा दुअंमल झाला, १८५३ ला वऱ्हाड इंग्रजांच्या कारभाराखाली गेलं, १९०२ ला कर्झननं वर्षाला पंचवीस लाखांच्या बोलीवर ते कायमच्या पट्ट्यानं घेतलं. तरीही निजामाच्या युवराजाला १९३६ पासून वऱ्हाडचा राजपुत्र म्हणवण्याचा मान दिला गेला. जिंकणाऱ्याच्या घराण्यानं त्या विजयावरचा हक्क कागदावर शेवटपर्यंत सोडला नाही. गावात मात्र सून माहेरी सांगताना, बैल विकणारा पावती करताना साखरखेर्डाच म्हणत राहिला, आणि शेवटी कागदालाही माणसांच्या मागून यावं लागलं.

गावात येणारी माणसं आज लढाई शोधत येत नाहीत. ती मठात येतात, राममंदिरात येतात. पलसिद्धांचा मठ वीरशैव परंपरेचा. त्याचा शिष्यवर्ग जिल्ह्याची हद्द पाळत नाही, मराठवाड्यातल्या गावोगावच्या लिंगायत घरांत या मठाचं नाव असतं. प्रल्हाद महाराज रामदासी यांचं स्थान दुसऱ्या परंपरेचं. गोंदवल्याचे ब्रह्मचैतन्य महाराज, त्यांचे शिष्य जालन्याचे रामानंद महाराज, आणि रामानंदांचे शिष्य प्रल्हाद महाराज. रामनाम आणि अन्नदान हे या परंपरेचं सगळं शास्त्र. ओळ लक्षात घ्या, साताऱ्याकडून जालना, जालन्याहून साखरखेर्डा. एके काळी जालन्याच्या वाटेनं फौजा आल्या असतील. त्याच दिशेनं पुढं गुरुपरंपरा चालत आली. रस्त्याला कोण चालतं याच्याशी कर्तव्य नसतं, पण वाटेवरच्या गावाला असतं, कारण येणाऱ्याच्या पानात वाढावं लागतं ते गावाला.

मठ आणि मंदिर यांचं आणखी एक वैशिष्ट्य मला महत्त्वाचं वाटतं. ती सतत बदलत असतात. भाविकांची संख्या वाढली की सभामंडप वाढतो, फरशी येते, रंग येतो, भक्तनिवास उभा राहतो. जुन्या वास्तूंची आवड असणारे लोक अशा वेळी हळहळतात. मला तितकी हळहळ वाटत नाही. शेकडो पानं उठायची तर चूल मोठी करावीच लागते. माझं मागणं एवढंच, की जुना खांब काढण्याआधी तो कसा होता हे कुणीतरी टिपून ठेवावं. त्याची लांबी-रुंदी, त्यावरची नक्षी, तो सागाचा की शिसवाचा. नवा मंडप बांधणारी माणसं श्रद्धेनं बांधतात, त्यांनी कुणाला मापं घेऊ दिली नाहीत असं सहसा होत नाही. मागायला मात्र कुणी जात नाही.

जास्त काळजी वाटते ती घरांची. मशिदीवर तारीख आहे, मठाला शिष्य आहेत, मंदिराला उत्सव आहे. घाटावरच्या जुन्या घरांना यातलं काहीच नाही. माझं आजोळ याच पट्ट्यातल्या एका खेड्यातलं. घर धाब्याचं, काही लोक माळवदाचं म्हणत. खाली काळ्या दगडाचं जोतं, त्यावर हातभर रुंदीच्या मातीच्या भिंती, सागवानी तुळया, त्यांवर कड्या, कड्यांवर चिपा आणि फांद्या, आणि सगळ्यांत वर पांढऱ्या मातीचा जाड थर. ही पांढरी माती वाटेल तिथली चालत नाही. गावाच्या जुन्या वस्तीची, पडक्या गढीची, शेकडो वर्षांच्या राखेनं, शेणानं, पडलेल्या भिंतींनी मुरलेली माती लागते, ती पाणी धरून ठेवत नाही. मृगाच्या आधी धाब्यावर नवी माती पडायची, आजी स्वतः वर चढून पन्हाळ मोकळं आहे ना ते बघायची. पाऊस सुरू झाल्यावर रात्री कुठं टिपका पडला तर घरातलं कुणीतरी अंधारात वर जाऊन पायानं माती दाबून यायचं. म्हणजे ते छप्पर दरवर्षी थोडं थोडं पुन्हा बांधलं जायचं. गढीच्या मातीतून धाबं, धाबं पडलं की पुन्हा पांढर. त्या हिशेबानं माझ्या आजोळच्या डोक्यावर कुणाकुणाची पडलेली घरं होती.

भिंतीतच बळद असायचं, धान्याचं. वरून ज्वारी ओतायची, खालच्या भोकातून काढायची. अंगणात पेव असायचं, ते उघडल्यावर लगेच आत उतरायचं नाही, आतली हवा निघून जाऊ द्यायची, एवढं लहान मुलांनाही माहीत असे. ओसरीवर आल्यागेल्याला पाणी मिळे, आणि ढेलजेत रात्रीपुरती पथारी टाकणाऱ्या वाटसरूला त्याची जात विचारत असत की नसत, हे मी आजीला विचारलं नाही. विचारलं असतं तर तिनं खरं सांगितलं असतं. वाडे आपण आठवतो ते ओसरीवरून. गावातल्या सगळ्यांनाच त्या ओसरीवर बसता येत नव्हतं. जुन्या घरांबद्दल लिहिताना हे लिहिलं नाही तर ते लेखन अर्धं राहील. गावाच्या वास्तूंची नोंद करायची तर वाड्याच्या दिंडीदरवाज्याबरोबर गावकुसाबाहेरची विहीर, तिथलं बुद्धविहार, तिथल्या लोकांनी पहिल्यांदा विटांनी बांधलेली भिंत, यांचीही नोंद व्हायला हवी. माझ्या लेखी ती पहिली पक्की भिंत मशिदीच्या कमानीइतकीच ऐतिहासिक आहे.

आज धाब्याची घरं झपाट्यानं जाताहेत, आणि त्यात राहणाऱ्यांना दोष देण्याचा मला अधिकार नाही. दरवर्षी माती टाकायला माणूस मिळत नाही, मुलं पुण्या-संभाजीनगरला, तुळईला वाळवी. सिमेंटचा स्लॅब एकदा पडला की पंधरा-वीस वर्षं वर बघावं लागत नाही. घरकुलाचा हप्ता मिळतो तो नव्या घरासाठी, जुनं सावरायला मिळत नाही. मग तुळया विकल्या जातात. घाटावरच्या वाड्यांच्या दारांच्या चौकटी शहरातल्या हॉटेलांत शोभेला लागलेल्या मी पाहिल्या आहेत. चौकट तिथं सुंदर दिसते. तिच्यातून कोण नवरी होऊन आत आली आणि कोण तिरडीवरून बाहेर गेलं, हे तिच्याबरोबर विकलं जात नाही.

साखरखेर्ड्याच्याच तालुक्यात सिंदखेडराजा आहे, आणि तिथं जपणूक कशी असते ते दिसतं. लखुजीराव जाधवांचा राजवाडा, जिजाऊंचं जन्मस्थान, लखुजीरावांची समाधी, नीळकंठेश्वराचं मंदिर, मोती तलाव, पुतळा बारव. १२ जानेवारीला तिथं महाराष्ट्रभरातून माणसं येतात, आणि यायलाच हवीत. २०२४ च्या जूनमध्ये समाधीच्या परिसरात जतनाचं काम चालू असताना पुरातत्त्व खात्याला जमिनीखाली शेषशायी विष्णूची मोठी मूर्ती सापडली. रोज माणसं चालत होती त्या जमिनीत ती कितीतरी शतकं होती. खणलं म्हणून दिसली. ती बातमी वाचताना मला साखरखेर्डा आठवला. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात साखरखेर्ड्याच्या लढाईला तीनशे वर्षं पूर्ण होत होती. लढाईचा उत्सव करावा असं मी म्हणणार नाही, हजारो माणसं ज्या शिवारात कापली गेली तिथं उत्सव कसला? पण त्या निमित्तानं गावाची एक नीट नोंदवही तयार होऊ शकली असती.

आणि वाटही नव्यानं आलीच आहे. जुना रस्ता औरंगाबाद-जालना-सिंदखेड-मेहकर-कारंजा असा नागपूरकडे जायचा. समृद्धी महामार्ग ७०१ किलोमीटरचा, आणि जालना, सिंदखेडराजा, मेहकर, कारंजा याच ओळीनं जातो. ११ डिसेंबर २०२२ ला त्याचा नागपूर ते शिर्डी हा भाग सुरू झाला. आखणी करणाऱ्यांनी जुने नकाशे पुढं ठेवले होते की नाही हे महत्त्वाचं नाही, जमिनीचा चढउतार माणसाला त्याच वाटेनं नेतो. फरक एवढा, की हा रस्ता दोन्ही बाजूंनी कुंपण घालून जातो. जुन्या रस्त्यानं मशीद, धर्मशाळा, बारव, बाजार निर्माण केला, कारण त्यावरून चालणाऱ्याला तहान लागायची. ताशी १२० च्या वेगानं जाणाऱ्याला मेहकरची हेमाडपंती धर्मशाळा दिसणार नाही आणि साखरखेर्ड्याची मशीदही नाही. त्याला खाली उतरवायचं असेल तर उतरण्याजोगं काय आहे हे सांगणारं कुणीतरी गावात हवं.

ते सांगणं शाळेपासून सुरू करता येईल, असं मी घाटावरच्या काही शिक्षकांना म्हणत असतो. नववीच्या मुलांना मीटरची टेप, चौकटीची वही आणि एक मोबाइल द्यायचा. मशिदीच्या कमानींची मापं घ्यायची, मशिदीच्या विश्वस्तांना आधी भेटून, त्यांची परवानगी घेऊन. मठातल्या आणि मंदिरातल्या जुन्या माणसांकडून कुठला भाग कधी वाढला ते विचारायचं. मग घरोघरी जायचं. तुळया कुठून आल्या, गाडीनं की माणसांच्या खांद्यावर? चुन्याची घाणी कुठं होती, तिला बैल कुणाचे? बळद शेवटचं कधी भरलं? गढीवरची माती कोण आणून द्यायचं, आणि त्याला बदल्यात काय मिळायचं? धाबं घालता येणारे गवंडी आता सत्तरी-ऐंशीत आहेत, आणि त्यांच्याकडे विचारायला गेलं की ते हातानं दाखवून सांगतात, कड्या किती अंतरावर ठेवायच्या, माती किती बोटं जाड, उतार किती. सोयाबीन घरात आलं आणि हरभरा पेरून झाला, की गावाला बोलायला सवड असते. या वर्षी त्या दिवसांत सुरुवात करता येईल.